‘आफ्रिका’ नावाचा देश आणि आमचं भूगाव

पोस्ट मोठी आहे. जेवताना वाचली तरी चालेल, विषय तसा भाकरीचाच आहे.

गेल्या रविवारी आमच्या सोसायटीची मीटिंग झाली. सोसायटी भूगावात आहे. नाव लिहीत नाही, कारण बावधनपासून पिरंगुटपर्यंत कुठल्याही सोसायटीचं नाव घातलं तरी पोस्ट तशीच्या तशी लागू पडेल. विषय पाच होते. टँकरचं बिल, लिफ्टची दुरुस्ती, पार्किंग, गणपतीची वर्गणी आणि शेवटचा, ‘आफ्रिकन भाडेकरूंबाबत धोरण ठरविणे’. पहिल्या चार विषयांवर पावणेदोन तास भांडण झालं. पाचव्यावर पाच मिनिटांत एकमत होत आलं होतं. आमच्या सोसायटीच्या इतिहासात असं कधी झालेलं नाही, म्हणून मला जरा धास्तीच वाटली.

मी विचारलं, “कुठल्या देशाचे आहेत ते?”

उत्तर आलं, “कुठल्या म्हणजे? आफ्रिकेचे!”

बी विंगमध्ये दोन पोरं राहतात. एक सुदानचा, एक टांझानियाचा. दोघंही पुण्यात शिकतात. एकाची मातृभाषा अरबी, दुसऱ्याची स्वाहिली, आपापसात इंग्रजी बोलतात. एकाचं जेवण दुसऱ्याला फारसं आवडत नाही. खार्टूम ते दार-एस-सलाम हे अंतर पुण्याहून दिल्लीच्या दुपटीपेक्षा जास्त आहे. पण आमच्या विषयपत्रिकेवर दोघांचा देश एकच.

आता थोडा हिशेब. आफ्रिका खंडाचं क्षेत्रफळ ३ कोटी चौरस किलोमीटरच्या वर आहे. आपला अख्खा भारत त्यात नऊ वेळा बसतो. महाराष्ट्र मोजायला घेतलात तर जवळजवळ शंभर. शाळेच्या भिंतीवरच्या नकाशात ग्रीनलंड आणि आफ्रिका सारखेच दिसतात, प्रत्यक्षात आफ्रिका ग्रीनलंडच्या चौदापट आहे. गोल पृथ्वी चौकोनी कागदावर ताणून बसवली की ध्रुवाकडचे मुलूख फुगतात आणि विषुववृत्तावरचे आक्रसतात. आपण लहानपणापासून तो आक्रसलेला आफ्रिका बघत आलो आणि डोक्यातही तेवढाच राहिला. तिथं ५४ देश आहेत आणि दोन हजारांच्या आसपास भाषा. सहाराचं वाळवंट आहे, काँगोचं गच्च रान आहे, आणि विषुववृत्ताच्या अगदी जवळ ५,८९५ मीटर उंचीच्या किलीमांजारोवर बर्फ आहे. इथिओपियाला स्वतःची लिपी आहे आणि तेरा महिन्यांचं कॅलेंडर आहे. आपल्या अधिकमासाला नाकं मुरडणाऱ्यांनी ते एकदा बघावं. सुदानमध्ये इजिप्तपेक्षा जास्त पिरॅमिड आहेत, आकाराने लहान, पण संख्येने जास्त. हे मला त्या पोरानेच सांगितलं, मी नंतर तपासलं, खरं निघालं.

मी मूळचा इथलाच. सोसायटी ज्या वावरात उभी आहे त्याच्या शेजारचं वावर आमचं होतं. खाली खाचरात आंबेमोहोर, वर माळाच्या वरकस जमिनीत नाचणी आणि वरई. आता तिथं एक रो-हाउसची स्कीम आहे आणि एक मंगल कार्यालय. विकली आम्हीच, तेव्हा त्यावर रडत नाही. पण “हे लोक बाहेरचे” असं मीटिंगमध्ये कुणी बोललं की मला मनातल्या मनात हसू येतं, कारण त्या हॉलमधल्या साठ माणसांत भूगावचे आम्ही चार होतो.

तर मूळ मुद्दा. आफ्रिका किती लांब आहे?

सुरुवात दगडापासून करू. भूगावच्या टेकडीचा काळा कातळ, ज्याच्या खाणींनी अर्ध्या पुण्याला खडी पुरवली, तो सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा आहे. एकावर एक थर साचत सह्याद्रीत त्याची जाडी कुठं कुठं दोन किलोमीटरच्या आसपास गेली. हा लाव्हा जमिनीच्या पोटातल्या ज्या तप्त स्रोतातून वर आला, तो स्रोत तिथंच राहिला आणि आपली जमीन त्याच्यावरून उत्तरेला सरकत गेली, असं बहुतेक भूशास्त्रज्ञ मानतात. आज त्याच्यावर कोण आहे? रीयुनियन बेट, मादागास्करच्या पूर्वेला. तिथला ज्वालामुखी अजून पेटता आहे. आमच्या टेकडीची चूल आता आफ्रिकेच्या शेजारी लागलेली आहे म्हणा ना.

त्याच्याही आधी भारत, आफ्रिका, मादागास्कर, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका एकत्र होते. या महाखंडाचं नाव गोंडवन. हे नाव कुठून आलं? आपल्या गोंडांवरून. मध्य भारतातल्या कोळसा असलेल्या खडकांना भूशास्त्रज्ञांनी आधी गोंडवन हे नाव दिलं, आणि १८८५ मध्ये एदुआर्ड झ्यूस या ऑस्ट्रियन शास्त्रज्ञाने ते उचलून अख्ख्या महाखंडाला लावलं. चंद्रपूरच्या खाणीतला कोळसा त्याच खडकांतला. ग्लोसोप्टेरिस नावाच्या झाडाच्या पानांचे ठसे आपल्या त्या थरांत सापडतात आणि दक्षिण आफ्रिकेच्याही थरांत सापडतात. म्हणजे नायरोबीत शाळेत शिकणारं पोरगं ‘तुमचा खंड पूर्वी कशाचा भाग होता’ या प्रश्नाला जे उत्तर लिहितं, ते विदर्भातल्या माणसांचं नाव असतं. आपल्याकडे किती पोरांना हे ठाऊक आहे?

मादागास्कर आपल्यापासून सुटला त्याला सुमारे ८.८ कोटी वर्षं झाली. सेशेल्सची बेटं सुटली ती आपल्या लाव्ह्याच्या नंतर लगेच. याचा पुरावा लोणावळ्याकडच्या ओल्या मातीत आहे. देवगांडूळ नावाचा एक प्राणी असतो. दिसतो गांडुळासारखा, पण असतो बेडकाच्या गणगोतातला, उभयचर. त्याची एक जात खंडाळ्यातून १९६० मध्ये शास्त्रीय नोंदीत आली. तिची जवळची भावकी सेशेल्स बेटांवर आहे. खाऱ्या पाण्यात हा प्राणी टिकत नाही, पोहून जाण्याचा प्रश्नच नाही. म्हणजे ही भावकी जमिनीच्या वाटणीत दुभंगलेली आहे. गावाकडच्या माणसाला हे लगेच कळेल. बांध पडला, घर दोन झालं, आडनाव एकच राहिलं.

पाऊस घ्या. मुळशी-ताम्हिणीचा पाऊस आपल्या अभिमानाचा विषय. तो येतो कुठून? मे-जूनमध्ये दक्षिण गोलार्धातून निघालेलं वारं विषुववृत्त ओलांडतं, केनियाच्या डोंगराळ भागाला लागून वळतं, सोमालियाच्या किनाऱ्यावरून जोराने अरबी समुद्रावर येतं आणि पाणी पिऊन सह्याद्रीवर आदळतं. हवामानशास्त्रात त्याला सोमाली जेट म्हणतात. पूर्व आफ्रिकेची ती उंच भिंत नसती तर आपला पाऊस असा नसता. त्याच दिवसांत चातक येतो, तोही आफ्रिकेतून. आपले कवी शेकडो वर्षं त्याला पावसाचे थेंब पाजत बसले, आणि हा पठ्ठ्या समुद्र ओलांडून येऊन दुसऱ्याच्या घरट्यात अंडी घालून परत जातो. पावसाळा संपता संपता भूगावच्या तळ्यावर आणि माळावर पिवळसर चतुरांचे थवे दिसतात. त्या चतुरांवर मालदीवमध्ये राहणाऱ्या चार्ल्स अँडरसन या जीवशास्त्रज्ञाने २००९ मध्ये मांडणी केली, की ते भारतातून मालदीव-सेशेल्समार्गे थेट पूर्व आफ्रिकेपर्यंत उडत जातात आणि त्यांच्या पुढच्या पिढ्या परत येतात. दोन बोटांच्या चिमटीत मावणारा जीव! याच किड्यांच्या शेपटीला दोरा बांधून आम्ही लहानपणी विमानं उडवली. पाप केलं, आता काय बोलणार.

हे सगळं निसर्गाचं झालं, माणसाचा काय संबंध, असं कुणी म्हणेल. म्हणून आता स्वयंपाकघरात या.

सुदानचा पोरगा मला पहिल्यांदा नीट भेटला तो दोन वर्षांपूर्वी पावसाळ्यात. रात्री लाइट गेली होती, त्याच्या फ्लॅटचं मेन स्विच पडलं होतं आणि त्याला पॅनल सापडेना. मी दाखवलं. आमची जेवायची वेळ होती. ही म्हणाली, बोलवा त्याला आत, पावसात कुठं जेवायला जाईल. ताटात ज्वारीची भाकरी, चवळीची उसळ, कारळ्याची चटणी. त्याने भाकरीचा तुकडा मोडून नाकाशी धरला आणि विचारलं, “अंकल, इज धिस दुरा?”

दुरा म्हणजे ज्वारी. त्यांच्याकडे ज्वारीचं पीठ आंबवून तव्यावर कागदासारखं पातळ पसरतात, त्याला किसरा म्हणतात. आपल्या आंबोळीची सडपातळ बहीण. सोबत कालवण, त्यात वाळवलेल्या भेंडीची पूड. पुण्यात येऊन त्याला सहा महिने झाले होते. कॉलेजच्या आवारात पाव-भाजी आणि नूडल्स खाऊन तो कंटाळला होता, आणि इथं घरोघरी ज्वारी खातात हे त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. कोण सांगणार? त्याच्याशी बोललंय कोण?

मला तरी कुठं माहीत होतं? त्या रात्रीनंतर मी वाचायला लागलो. ज्वारी मूळची आफ्रिकेची. पूर्व सुदानात, कसाला भागात, पाच हजार वर्षांपूर्वीची मातीची खापरं सापडली. भांडी करताना मातीत जी तुसं मिसळली होती, त्यांचे ठसे खापरांत राहिले होते. तपासल्यावर दिसलं की ही रानटी ज्वारी राहिलेली नाही, माणसाने पेरून-कापून हळूहळू बदललेली आहे. मी त्याला कसाला माहीत आहे का विचारलं. तो ओमदुरमानचा. म्हणाला, हो, तिथले डोंगर फार सुंदर, लग्नानंतर लोक तिथं फिरायला जातात. म्हणजे त्यांचं महाबळेश्वर.

बाजरीही तिकडचीच, सहाराच्या दक्षिणेला पश्चिम आफ्रिकेत साडेचार हजार वर्षांपूर्वी लोक ती पिकवत होते. नाचणी पूर्व आफ्रिकेच्या डोंगरांतली. चवळी आफ्रिकेची. वाल-पावट्याचं रानटी मूळ आफ्रिकेत. कारळे तर थेट इथिओपियाचे, तिथं आजही त्यांचं तेल घरोघरी वापरतात. एरंड तिकडचा, कलिंगड तिकडचं. चिंचेला अरबांनी ‘हिंदची खजूर’ म्हटलं आणि तेच नाव जगभर झालं, पण झाड उष्ण आफ्रिकेतलं. ही धान्यं साडेतीन-चार हजार वर्षांपूर्वी समुद्राकाठच्या माणसांच्या हातून इकडे आली असावीत. कुठलं कधी आणि कुठल्या वाटेने, यावर पुरातत्त्ववाल्यांत अजून वाद आहेत. त्यात पडत नाही. पण ती आली आणि दख्खन त्यांच्यावर जगला, यावर वाद नाही. आपल्याकडच्या आधीच्या शेतकऱ्यांकडे गहू-जव होते, ते हिवाळ्याच्या ओलीवर येणारे. दख्खनच्या कोरड्या, पावसाच्या लहरीवरच्या जमिनीला खरं बळ मिळालं ते या आफ्रिकन धान्यांनी.

माझी आजी वरकसात नाचणी लावायची. पावसात इरलं घेऊन, कंबर मोडेस्तोवर. “आपल्या मातीतलं धान्य” हे तिचं पालुपद होतं. खोटं नव्हतं ते. चार हजार वर्षं राहिल्यावर कुणीही इथलंच होतं. आमच्या सोसायटीत तर तीन वर्षं राहिलं की माणूस कमिटीत जातो.

आणि व्यवहार एकेरी नव्हता. आंबा इकडून तिकडे गेला. वशिंडाचे बैल-गाई इकडून गेले, आज पूर्व आफ्रिकेतली कितीतरी गुरं त्यांच्याच वंशाची आहेत. पहिल्या शतकात एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने या समुद्राची वाटमाहिती लिहून ठेवली, त्यात आपलं कल्याण आहे आणि आपल्या किनाऱ्यावरून आफ्रिकेच्या बंदरांत जाणारं कापड, तांदूळ, गहूही आहे. टांझानियाच्या पोराने मला स्वाहिली शब्द सांगितले. गाडी म्हणजे गारी. पैसा म्हणजे पेसा. रंग म्हणजे रंगी. चहा चाय, चपाती चपाती. मी म्हटलं, अरे मग तुला मराठी यायला काय होतंय!

आता इतिहास. आपल्याकडे ‘हबशी’ ही शिवी आहे. “हबशासारखा खातो” असं मी स्वतः लहानपणी बोललेलो आहे. हबश म्हणजे ॲबिसिनिया, आजचा इथिओपिया. तिथून गुलाम म्हणून आणलेला एक पोरगा, मूळ नाव चापू, बाजारांतून विकत विकत दख्खनला पोहोचला. निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने त्याला घेतला, आणि हा चंगीझखानही स्वतः हबशीच होता. त्या पोराचं पुढचं नाव मलिक अंबर. १६०० मध्ये मोगलांनी अहमदनगर घेतलं, निजामशाही संपली असं दिल्लीला वाटलं. अंबरने नवा सुलतान गादीवर बसवला, काही काळ आपल्या जुन्नरला राजधानी नेली आणि पुढची पंचवीस वर्षं मोगलांना दख्खनमध्ये पाय रोवू दिला नाही. सैन्यात मराठे स्वार. रसद तोडायची, रात्री छापा घालायचा, समोरासमोर लढायचं नाही. १६२४ मध्ये नगरजवळ भातवडीला मोगल आणि आदिलशाही अशा दोन्ही फौजा त्याने एकत्र मोडल्या. त्या लढाईत त्याच्या बाजूने शहाजीराजे होते. त्यांचे भाऊ शरीफजी त्याच लढाईत पडले.

जहांगीर इतका चिडला होता की आपल्या आठवणींत अंबरच्या रंगावरून शिव्या लिहिल्या. एवढ्याने भागलं नाही, म्हणून चित्रकाराकडून एक चित्र काढून घेतलं. त्यात बादशहा पृथ्वीच्या गोलावर उभा राहून अंबरच्या छाटलेल्या मुंडक्यावर बाण सोडतोय. प्रत्यक्षात जहांगीरला ते मुंडकं कधीच मिळालं नाही. अंबर १६२६ मध्ये, म्हातारा होऊन मेला. कबर खुलताबादला आहे. माणूस हरत नसला की त्याच्या कातडीवर घसरायचं, ही रीत तेव्हापासूनची आहे.

लढाया सोडा, आमच्यासारख्या शेतकरी घरांना त्याचं दुसरं काम जास्त जवळचं. मलिकंबरी धारा. वसुलीची मक्तेदारी मोडून, जमिनीची प्रत आणि हाती आलेलं पीक बघून सारा ठरवायचा, गावच्या पाटील-कुळकर्ण्यांमार्फत गोळा करायचा. पुढे पुणे प्रांताची घडी बसवताना दादोजी कोंडदेवांच्या काळात हीच पद्धत आधाराला होती, असं जुनी गॅझेटिअर्स सांगतात. छत्रपती संभाजीनगर हे शहर वसवलं तेही त्यानेच, १६१० मध्ये, खडकी या नावाने. जमिनीखालून पाणी आणणारी नहर बांधली. आम्ही २०२५ मध्ये टँकरच्या बिलावर भांडतोय!

सगळं गोड गोड सांगायचं नाहीये. भूगावच्या वेशीवरून जो रस्ता पौड, मुळशी, ताम्हिणी करत कोकणात उतरतो, तो माणगाव-म्हसळ्याच्या वाटेने तुम्हाला दिघीला, जंजिऱ्यासमोर नेऊन सोडतो. तिथले सिद्दी आफ्रिकन वंशाचेच. त्यांच्या मुलखाला मराठी कागदांत हबसाण म्हणत. त्यांनी कोकणात केलेली लूटमार आणि माणसं पकडून नेणं याच्या आठवणी किनाऱ्यावरच्या घराण्यांत आहेत. पेशव्यांचे मूळपुरुष बाळाजी विश्वनाथ श्रीवर्धन सोडून घाटावर आले, त्यामागे सिद्दीचाच जाच सांगतात. शिवाजी महाराजांना, संभाजी महाराजांना किल्ला मिळाला नाही. १९४८ मध्ये संस्थान विलीन होईपर्यंत तिथं सिद्दी नवाब होता. ते शत्रू होते, मान्य. पण बघा, ते आपल्या इतिहासातले शत्रू होते, मोगलांसारखे, इंग्रजांसारखे, आणि कधी कधी आपल्याच भाऊबंदांसारखे. कर्तबगार होते, क्रूरही होते. म्हणजे माणसं होती. आपण त्यांच्या वंशजांना ‘हे लोक’ म्हणून एका शब्दात उरकतो, ते मात्र इतिहासात बसत नाही.

नाशिकची गोष्ट तर मला पन्नाशी उलटेपर्यंत ठाऊक नव्हती. शरणपूर रोडवरून शंभर वेळा गेलो असेन. एकोणिसाव्या शतकात इंग्रज आरमार गुलामांनी भरलेली जहाजं अरबी समुद्रात अडवत असे. सोडवलेली आफ्रिकन मुलं मुंबईला आणली जात, आणि त्यांतल्या बऱ्याच जणांना मिशनऱ्यांनी नाशिकजवळ शरणपूरला ठेवून सुतारकाम, लोहारकाम, लिहिणं-वाचणं शिकवलं. डेव्हिड लिव्हिंग्स्टन १८६६ मध्ये आफ्रिकेतल्या शेवटच्या मोहिमेवर निघाला, तेव्हा मुंबईहून जाताना याच शाळेतली काही मुलं सोबत घेतली. १८७३ मध्ये तो आजच्या झांबियात वारला. त्याच्या माणसांनी त्याचं काळीज तिथंच पुरलं, देह वाळवला आणि हजाराहून जास्त मैल वाहून समुद्रकिनाऱ्यावर आणला. दफनाच्या वेळी प्रार्थना म्हटली ती नाशिकला शिकलेल्या जेकब वेनराइटने. देहासोबत लंडनपर्यंत गेला तोही तोच. १८७५ च्या सुमारास यांच्यातली कित्येक कुटुंबं मोंबासाजवळ वसवली गेली. त्या वस्तीचं नाव फ्रेअरटाउन, आपल्या मुंबई इलाख्याचा गव्हर्नर बार्टल फ्रेअर याच्यावरून. तिकडे या मंडळींना ‘बॉम्बे आफ्रिकन्स’ म्हणत. केनियात मुंबईचे म्हणून ओळखले जाणारे आफ्रिकन! आता यांना आमच्या विषयपत्रिकेत कुठं बसवायचं?

आणि आपली माणसं? रत्नागिरी जिल्ह्यातली गरीब घरं एकोणिसाव्या शतकात गिरमिटावर मॉरिशसला गेली, उसाच्या मळ्यांत राबायला. मॉरिशस आफ्रिकी संघाचं सदस्य आहे. म्हणजे नकाशाच्या हिशेबाने ती मराठी माणसं आज आफ्रिकन आहेत. तिथं गणेशचतुर्थीला सरकारी सुट्टी असते, मराठी शाळेत शिकवतात. त्यांच्यातला एखादा शिकायला पुण्यात आला आणि भूगावात खोली शोधत फिरला, तर आमची कमिटी त्याला कुठल्या रजिस्टरमध्ये लिहील?

परत मीटिंगकडे. तक्रारी अगदीच खोट्या नव्हत्या. एकदा रात्री साडेअकराला त्यांच्याकडे गाणी मोठ्याने चालू होती. मी स्वतः खाली जाऊन सांगितलं, दोन मिनिटांत बंद झाली. गेल्या वर्षी एकदा त्याच्याकडून दोन महिन्यांचं भाडं थकलं. कारण विचारलं कुणी? १५ एप्रिल २०२३ ला खार्टूममध्ये लढाई पेटली. आईवडील घर सोडून कैरोला गेले. बाप इंजिनियर होता, आता तिथं मिळेल ते काम करतो. पैसे कधी येतात, कधी अडकतात. त्याने नंतर सगळं फेडलं. फ्लॅटमालक ऑस्ट्रेलियात राहतो, भाड्याच्याच घरात, त्याची काही तक्रार नाही. नोंदणीचा करार आहे, पोलीस पडताळणी आहे, परदेशी भाडेकरूचा सी फॉर्म भरलेला आहे. ए विंगमधल्या आयटीतल्या चार पोरांनी थर्टी फर्स्टला टेरेसची टाकी फोडली होती. त्यांच्या राज्याचं नाव घेऊन धोरण आलं नाही.

हे बोललो तेव्हा एक काका म्हणाले, “अहो, पण कल्चर वेगळं आहे ना त्यांचं.”

मी खिडकीतून खाली बघितलं. गेटजवळचा गुलमोहर मादागास्करचा. बागेतली सदाफुली मादागास्करची. लॉबीत ठेवलेले अरेका पाम, तेही मादागास्करचे. लिफ्टपाशी हवा शुद्ध करते म्हणून मुद्दाम आणलेलं स्नेक प्लांट पश्चिम आफ्रिकेचं. पार्किंगच्या भिंतीला लागून लाल फुलांची पिचकारी आहे, तीही आफ्रिकन. (कुंड्यांत पावसाळ्यात फिरणारी ती मोठी गोगलगायसुद्धा पूर्व आफ्रिकेची. १८४७ मध्ये कलकत्त्यात कुणीतरी मॉरिशसहून आणून सोडली, तेव्हापासून देशभर पिकं खातेय. तिला मात्र खरंच बंदी घाला, माझं मत आहे.) २०२२ मध्ये नामिबियाहून आठ चित्ते आले, तेव्हा याच हॉलमध्ये टीव्हीवर बघून टाळ्या वाजल्या होत्या. ते म्हटलं तर लोक हसले. हसले म्हणजे थोडं मोकळं झालं.

शेवटी विषय पुढच्या मीटिंगवर ढकलला. ठराव झालेला नाही, पण रद्दही झालेला नाही. त्याआधी सगळ्या भाडेकरूंना, म्हणजे त्या दोघांनाही, आवाज आणि कचऱ्याबद्दल सारखीच नोटीस द्यायची ठरलंय. एवढं लिहिण्याचं कारण तेच. आमच्या कमिटीतले बरेच जण या पोस्टवर आहेत. पुढच्या मीटिंगला येताना निदान देशाचं नाव माहीत करून या.

काल संध्याकाळी तो माझ्याबरोबर गिरणीत आला होता. पाच किलो ज्वारी, त्याची. परीक्षा संपली म्हणून मित्रांना किसरा करून घालणार आहे. गिरणीवाल्याने नेहमीप्रमाणे माझ्याकडे बघून विचारलं, “भाकरीचं दळू का अजून बारीक?”

मी म्हटलं, “मला काय विचारता, दळण त्याचंय.”

त्याने पिठात दोन बोटं घातली, चोळून बघितलं आणि म्हणाला, “थोडा और बारीक, भैया.”